रामेसिस, चिमाजी अप्पा आणि एक तांडेल

थापा मारण्याचं वर्ल्ड रेकॉर्ड आपल्या हॉस्टेलच्या नावावर आहे, असं ज्यांना वाटतं त्यांनी इजिप्तचा राजा रामेसिस दुसरा याचं चरित्र जरूर वाचावं. इ.स.पू. १२७४ च्या सुमारास हे महाराज हिटाइट लोकांशी लढायला आजच्या सीरियात, कादेश नावाच्या गावी गेले. बरोबर चार मोठ्या पलटणी, प्रत्येकीला एकेका देवाचं नाव : अमुन, रे, प्ताह आणि सेत. वाटेत दोन माणसं भेटली. ती म्हणाली, शत्रू अजून पार अलेप्पोकडे आहे, तुम्ही आरामात या. राजाने विश्वास ठेवला आणि एकच पलटण घेऊन पुढे जाऊन तंबू ठोकला. शत्रू अलेप्पोला नव्हताच, तो कादेशच्या मागच्या बाजूला दडून बसला होता! मागून येणाऱ्या 'रे' पलटणीवर हिटाइटांचे रथ तुटून पडले, पलटण फुटली, आणि राजा छावणीत घेरला गेला.

इथपर्यंत सगळं पटतं. कारण फजितीची गोष्ट कोणी मुद्दाम बनवत नाही. पण पुढे रामेसिसने अबू सिंबेल, लक्सर, अबिडोस अशा देवळांच्या भिंतींवर जे कोरून घेतलं ते असं की, सगळे सैनिक सोडून पळाले आणि महाराजांनी एकट्याने रथ हाकत हजारो शत्रूंना नदीत ढकललं! वेळेवर मदतीला धावून आलेली तुकडी होती म्हणून जीव वाचला, हे चित्रांमध्ये दिसतं, पण काव्यात तिला जागा नाही. आणि कादेश? ते हिटाइटांकडेच राहिलं. पंधरा-एक वर्षांनी दोघांत तह झाला. १९०६ साली हिटाइटांच्या राजधानीच्या उत्खननात त्या तहाची मातीची पाटी सापडली. तिची प्रतिकृती न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या इमारतीत लावलेली आहे. म्हणजे जगातली सर्वांत गाजलेली ऐतिहासिक कादंबरी कुणी लेखकाने नाही, तर राजानेच लिहिली आणि देवळादेवळांतून 'पब्लिश' केली, असं म्हणायला हरकत नाही.

हे सगळं मला कसं माहीत? तर मी कॉन्व्हेंटची. आमच्या शाळेच्या लायब्ररीत इंग्रजी पुस्तकांची दोन कपाटं होती आणि मराठीचा एक खण. विल्बर स्मिथची 'रिव्हर गॉड' (१९९३) मी दहावीच्या सुट्टीत वाचली. तिचा नायक राजा नाही, तर टाइटा नावाचा गुलाम आहे. पण गुलाम असला तरी हा माणूस डॉक्टर, आर्किटेक्ट, कवी आणि वर मेकॅनिकल इंजिनियर! हिक्सोस लोक घोडे आणि रथ घेऊन इजिप्तवर चालून येतात, तर हा त्यांचा रथ पाहून त्याहून हलका आणि चपळ रथ तयार करतो. आपल्याला एक वर्कशॉप जॉब वेळेत सबमिट होत नाही आणि हा रथांचं मास प्रॉडक्शन काढतो. असो. पण खऱ्या इजिप्शियन रथातही इंजिनियरिंग होतंच. आस मागच्या टोकाला, माणसं दोनच, त्यामुळे वळायला हलका. कादेशला हिटाइटांच्या रथांत तीन तीन माणसं होती.

हॉस्टेलला आले तेव्हा रूममेट मिळाली नाशिकची. तिच्या ट्रंकेत इंजिनियरिंग ड्रॉइंगच्या शीट्सखाली 'स्वामी', 'राऊ', 'पानिपत'. मी तिला इजिप्त सांगायचे, ती मला पेशवाई. माझं मराठी वाचन जरा हळू (र्‍हस्व-दीर्घ येऊ दे, मी थांबते), म्हणून मेसचं जेवण झालं की ती 'राऊ' मोठ्याने वाचायची आणि मी ऐकायचे. दोन रात्री तर विंगमधल्या सहा-सात जणी येऊन बसल्या. मराठीतली पहिली ऐतिहासिक कादंबरी रा. भि. गुंजीकरांची 'मोचनगड', १८७१ ची, हेही तिच्याकडूनच समजलं. दीडशे वर्षं आपण किल्ले, तलवारी, घोडे वाचतोय. आणि तरी प्रत्येक वेळी पुढच्या पानावर काय होणार याची धाकधूक असतेच, शेवट शाळेपासून पाठ असला तरी!

मग यंदा मासिकाच्या मराठी विभागासाठी लेख मागवले. आमच्या सरांनी कॉरिडॉरमध्येच पकडलं. "तू अर्नाळ्याची ना? मग किल्ल्यावर एक ऐतिहासिक गोष्ट लिही. घरचाच विषय आहे."

घरचाच विषय आहे म्हणूनच अडलं.

ज्यांना अर्नाळा म्हणजे फक्त विरारहून एस.टी.ने जायचा बीच एवढंच माहीत आहे त्यांच्यासाठी सांगते. वैतरणा नदी जिथे समुद्राला मिळते तिथे किनाऱ्यापासून जवळच एक बेट आहे. होडीने पाच-दहा मिनिटं. बेटावर वस्ती आहे, अर्नाळा किल्ला या नावाची वेगळी ग्रामपंचायत आहे, आणि मधोमध चौकोनी जंजिरा, साधारण ७०० फूट बाजूचा. आत गोड्या पाण्याचं अष्टकोनी तळं, त्र्यंबकेश्वराचं देऊळ, दर्गा. किल्ला १५१६ साली गुजरातच्या महमूद बेगड्याने बांधला, असं पुष्कळ ठिकाणी छापलेलं असतं. पण बेगडा १५११ लाच वारला होता! मेल्यावर पाच वर्षांनी किल्ला बांधणारा सुलतान रामेसिसच्याच पंगतीला बसवायला हवा. पुढे बेट पोर्तुगीजांकडे गेलं, दोनशे वर्षं राहिलं, आणि १७३७ साली वसईच्या मोहिमेत मराठ्यांनी ते घेतलं. चिमाजी अप्पांची ती मोहीम मे १७३९ मध्ये वसईचा कोट पडला तेव्हा संपली.

किल्ल्याच्या मुख्य दरवाजावर हत्ती आणि वाघांची शिल्पं आहेत आणि देवनागरी शिलालेख आहे. तो पद्यात आहे. मथितार्थ असा की, बाजीरावांनी शंकराजींना आज्ञा केली, पाश्चात्यांना मारून समुद्राच्या पोटात लवकर जंजिरा बांधा. किल्ला बांधणाऱ्या स्थापत्यकाराचंही नाव त्यात आहे : बाजीराव, तुळाजींचे पुत्र. (सिव्हिलवाल्यांनी कॉलर ताठ करावी. क्लायंटच्या नावाबरोबर इंजिनियरचंही नाव दगडात.) लहानपणी शाळेच्या सहलीला त्या दरवाजाखाली उभं राहून आम्ही डबे खाल्ले आहेत. अक्षरं लागत नव्हती, हत्ती मात्र आवडले होते.

आता अडचण. आमचं घर ख्रिस्ती. अर्नाळा, आगाशी, नंदाखाल या पट्ट्यातली आमच्यासारखी वाडीवाली घरं घरात मराठीच बोलतात, ओवीच्या चालीवर लग्नाची गाणी म्हणतात, आणि रविवारी चर्चला जातात. पोर्तुगीज गेले त्याला पावणेतीनशेहून जास्त वर्षं झाली. पण ऐतिहासिक गोष्ट सुरू झाली की पानापानावर 'फिरंगी' येतो, आणि ऐकणाऱ्यांपैकी एखादी जण माझ्याकडे हळूच बघते. रूममेटने एकदा सरळच विचारलं, अगदी साध्या मनाने :

"अगं, पण तुझ्या गोष्टीत तू कुणाच्या बाजूने?"

मी म्हटलं, बघू.

सुट्टीत घरी गेल्यावर हाच प्रश्न आजीला विचारला. ती अंगणात सुकेळी निवडत होती. (आगाशीची सुकेळी ज्यांनी खाल्ली नाहीत त्यांचं शिक्षण अपूर्ण आहे.) ती म्हणाली, "बाजू कसली गं बाय? आपली वाडी व्हती. दोन वरसं लष्कर इथं बसलं तर केळी कोणाची गेली असतील?"

आजीच्या प्रश्नाचं उत्तर मला एकाही पुस्तकात सापडलं नाही. जे सापडलं ते असं. पोर्तुगीजांच्या मुलखात हिंदूंना उघडपणे सणवार, लग्नकार्य करायला बंदी होती, गोव्यात १५६० पासून इन्क्विझिशन होतं, आणि अणजूरच्या नाईकांसारखी इथलीच मंडळी पेशव्यांकडे वर्षानुवर्षं दाद मागत होती. ही लढाई उगीच झाली नाही, तिच्यामागे खराखुरा जाच होता. उलट बाजूला, पोर्तुगीजांच्या पगारावर लढणारेही बरेचसे इथलेच होते. वसई पडली तेव्हाच्या तहात सैन्याला मानाने जाऊ दिलं आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांना आपला धर्म पाळू द्यायचं कबूल केलं. आम्ही आहोत ते त्यामुळेच. एवढं सगळं एका कादंबरीत मावेल, पण वीर आणि खलनायक अशा दोनच खुर्च्या ठेवल्या तर मावणार नाही.

आणि आकडे! वसईच्या शेवटच्या हल्ल्यात सुरुंग उडाले, तटाला भगदाड पडलं. त्या वेढ्यात मराठ्यांचे किती पडले? ग्रँट डफ लिहितो, त्यांनी स्वतःच मान्य केलेला आकडा पाच हजारांवर. दुसरीकडे बारा हजार वाचायला मिळतो. सात हजारांचा फरक म्हणजे राउंडिंग ऑफ नव्हे. ती माणसं आहेत. चिमाजी अप्पांनी म्हणे निर्वाणीला सांगितलं होतं की, किल्ला मिळत नसेल तर निदान माझं डोकं तरी तोफेतून आत पडेल असं करा. ही कथा सांगताना रूममेटच्या अंगावर काटा येतो आणि खरं सांगायचं तर माझ्याही येतो. रामेसिसच्या एकट्या रथापेक्षा ती कितीतरी बरी, कारण तिच्यात सेनापती मरायला तयार आहे. पण भगदाडातून जे आत गेले त्यांचं काय म्हणणं होतं, ते कोणी टिपून ठेवलं नाही.

घंटांचंही तसंच. विजयानंतर वसईच्या चर्चच्या घंटा देशावर गेल्या आणि देवळांत बसल्या. नाशिकला गोदावरीकाठी नारोशंकराच्या देवळात एक आहे, तिच्यावर १७२१ साल आहे. मेणवलीला नाना फडणीसांच्या वाड्याजवळच्या घाटावर एक आहे, १७०७ ची. 'नारोशंकराची घंटा' हा तर मराठीत वाक्प्रचारच होऊन बसला, मोठ्या आवाजाच्या माणसासाठी. माझी रूममेट लहानपणापासून ती घंटा पाहत आली होती. ती कुठून आली हे मी सांगितलं तेव्हा ती बराच वेळ काही बोलली नाही, आणि तुम्हाला सांगते, तिचं गप्प बसणं ही विंगमधली ऐतिहासिक घटना होती! मग म्हणाली, "म्हणजे तुमची घंटा आमच्याकडे आहे." मी म्हटलं, "वाजते ना? मग राहू दे."

गोष्ट मात्र पुढे जाईना. सुटका झाली ती पुन्हा इजिप्तमधूनच.

हिक्सोसांना इजिप्तमधून हाकललं ते आह्मोस नावाच्या राजाने, इ.स.पू. सोळाव्या शतकात. त्याच नावाचा एक साधा सैनिक होता, 'इबानाचा मुलगा आह्मोस'. इबाना हे त्याच्या आईचं नाव. अल-काब इथे त्याची थडग्याची गुहा आहे आणि तिच्या भिंतीवर त्याने स्वतःची हकीकत कोरून ठेवली आहे. बाप जहाजावर होता, बापाच्या जागी हा 'रानबैल' नावाच्या जहाजावर लागला, तेव्हा लग्नही झालं नव्हतं. पुढे दुसऱ्या जहाजावर बदली. शत्रूच्या राजधानीच्या वेढ्यात पाण्यातली लढाई, मारलेल्या शत्रूचा हात कापून पुरावा म्हणून नेणं, बक्षीस म्हणून सोनं. एकदा तर त्याने कैदी पकडला आणि त्याला घेऊन पाणी ओलांडून आला. बढाई त्यालाही सुटलेली नाही, पण ती किती सोनं मिळालं आणि किती गुलाम मिळाले याची आहे. त्या गुलामांच्या नावांची यादीसुद्धा त्याने भिंतीवर दिली आहे! साडेतीन हजार वर्षांपूर्वी एका जहाजावरच्या माणसाने, लढाईत पकडलेल्या माणसांची नावं. रामेसिसच्या सगळ्या देवळांपेक्षा मला ती एक यादी जास्त भीतीदायक वाटते, आणि जास्त खरी.

तेव्हा मला एकदम सुचलं. अर्नाळा बेट आहे. घोडा, रथ, हत्ती, कशाचाही उपयोग नाही. सैनिकांना तिथे कोणीतरी होडीत घालून नेलं असणार! दरवाजावर पेशवा आहे, शंकराजी आहेत, इंजिनियर आहे. तांडेल नाही. माझी गोष्ट तांडेलाची.

आता गोष्ट तांडेलाची म्हटल्यावर पहिला प्रश्न तलवारीचा नाही, भरतीचा. आमच्या शेजारचे एक काका पन्नास वर्षं समुद्रावर आहेत. त्यांच्याकडे भरतीचं कोष्टक नसतं. ते म्हणतात, तिथीची पाऊणपट कर. म्हणजे अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, पूर्ण भरती सहाच्या सुमारास, सकाळी आणि संध्याकाळी. एकादशीला सव्वाआठ. मी हिशेब करून पाहिला. चंद्रामुळे भरती रोज पन्नासएक मिनिटं पुढे सरकते, आणि पाऊण तास म्हणजे पंचेचाळीस. अप्लाइड मेकॅनिक्सला एवढी अ‍ॅक्युरसी पुरते. अमावस्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीला भांग, म्हणजे पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही.

अर्नाळा घेतल्याची तारीख पुस्तकांत २८ मार्च १७३७ अशी मिळते. पण त्या काळी मुंबईचे इंग्रज जुनं कॅलेंडर वापरायचे आणि पोर्तुगीज नवं. दोघांत अकरा दिवसांचा फरक. इंग्रज बदलले ते १७५२ मध्ये. मागे मागे गणित करत गेले तर २८ मार्च नव्या पद्धतीने धरल्यास फाल्गुन वद्य द्वादशी-त्रयोदशी येते : काळोखी रात्र, भरती रात्री नऊ-पावणेदहाला. जुन्या पद्धतीने धरल्यास गुढीपाडवा होऊन आठवडा झालेला, चैत्र शुद्ध अष्टमीचा सुमार : भरती संध्याकाळी सहाला, मध्यरात्री चंद्र मावळतीला आणि पाणी पार ओसरलेलं. कॅलेंडर बदललं की माझ्या गोष्टीतला अंधार बदलतो! मी जुनी पद्धत धरली. त्यामुळे 'मध्यरात्रीचा अचानक छापा' हा रूममेटचा लाडका प्रसंग रद्द करावा लागला, कारण मध्यरात्री होडी चिखलात बसली असती. ती दोन दिवस रागावली होती.

पुढचा प्रश्न अवघड. किल्ला घेतला तेव्हा आतल्या लोकांचं काय झालं? कुठे वाचायला मिळतं, हल्ला अचानक झाला आणि ते किल्ला सोडून गेले. कुठे वाचायला मिळतं, कापले गेले. शिलालेखातली आज्ञा तर मारण्याचीच आहे. माझा तांडेल किनाऱ्याला होडी धरून उभा आहे. आतून आवाज येतायत. त्या आवाजांतला एखादा तो ओळखतो, कारण कालपर्यंत मासे तिथेच विकत होता. तो हिंदू की ख्रिस्ती, असं रूममेटने विचारलं. दोन्ही लिहून पाहिलं. दोन्ही वेळेला तो होडी धरूनच उभा राहिला, कारण होडी सोडली तर परत कसं यायचं? पण ऐकू दोन्ही वेळेला वेगळं येतं, एवढं खरं. म्हणून अजून ठरलेलं नाही.

जाता जाता मेकॅनिकलच्या मित्रांसाठी. १८ जून २०२५ रोजी विशाखापट्टणमला नौदलात एक युद्धनौका दाखल झाली, तिचं नाव 'आय.एन.एस. अर्नाळा'. उथळ पाण्यात पाणबुड्या शोधून मारणारी, सुमारे ७७ मीटर लांब, डिझेल इंजिन आणि वॉटरजेटवर चालणारी. काकांना फोटो दाखवला. ते म्हणाले, "पंखा नाय? मग चांगलं हाय. जाळं नाय अडकायचं."

गोष्टीची पहिली दोन पानं दिवाळीच्या सुट्टीत त्यांनाच वाचून दाखवली. ते ओटीवर जाळं शिवत ऐकत होते. चिमाजी अप्पा, फिरंगी, आज्ञा, शौर्य, कशावरही काही बोलले नाहीत. वाचून झाल्यावर सुई थांबवून विचारलं, "एका मचव्यात किती माणसं बसवलीस?"

"चाळीस."

"वीस कर. हत्यारं हायत ना त्यांच्याकडं."

वीस केली. त्यामुळे आता मचवे दुप्पट लागतात, आणि तांडेलही.